फाटकावरची झडती

राइस मिलमध्ये मला नोकरी लागली ती मी बाई होते म्हणून आणि लिहिता-वाचता येत होतं म्हणून. सकाळी हजेरी मांडायची आणि संध्याकाळी फाटकाशी उभं राहून बाहेर पडणाऱ्या प्रत्येक बाईचा पदर, ओचा आणि शिदोरीचं फडकं तपासायचं, असं काम होतं. बायकांची झडती पुरुषाने घेतलेली बरी दिसणार नाही, एवढी समज नव्या मॅनेजरला होती. स्वातंत्र्य मिळून काही वर्षं झाली होती, आणि गोंदिया तेव्हा भंडारा जिल्ह्यातच होतं. माझे यजमान रेल्वेत पॉइंट्समन. आम्ही गोंदियालगतच्या मुर्री गावात राहायचो आणि मिलमधल्या निम्म्या बायकाही मुर्रीच्याच. म्हणजे सकाळी जिच्याकडून विरजण मागून आणायचं, तिचीच संध्याकाळी झडती घ्यायची.

कोणतंही काम हाती घेण्याआधी ते समजून घ्यायची मला सवय आहे. पहिल्याच दिवशी मी मॅनेजरला विचारलं, काय चोरीला जातं, कुठून जातं आणि कधीपासून जातंय? तो शेठच्या मेहुण्याचा मुलगा, नागपूरला शिकलेला, नुकताच इकडे आलेला.

"जातच असणार," तो म्हणाला.

"कशावरून?"

त्याने मला वरच्या मजल्यावरच्या खिडकीपाशी नेलं. खाली धान वाळवायचं पटांगण दिसत होतं. आमची मिल उसन्या तांदळाची. धान हौदात भिजवायचं, वाफेवर उकडायचं, पटांगणात पसरून वाळवायचं आणि मगच भरडायचं. बायका दिवसभर त्या गरम धानात पायाने रेघा ओढत ते उलटत राहायच्या. संध्याकाळचा भोंगा झाला की सगळ्या पटांगणाच्या कडेला रांगेने उभ्या राहायच्या आणि पदर, ओचे, फडकी जोराने झटकायच्या. त्यांना तसं कोणी सांगितलेलं नव्हतं. तूस अंगाला चिकटून घरी गेलं की खाज सुटते, हे एक कारण. दुसरं त्यांच्याच तोंडचं, "मिलचं मिलीत." हा रिवाज त्या मॅनेजरच्या किती तरी आधीचा.

"पाहिलंत?" तो म्हणाला. "जिच्या पदरात काही नाही, ती पदर कशाला झटकेल? हे दाखवायला चाललंय. माल आधीच गेलेला असतो."

हा माणूस एक तर फार हुशार असावा, नाहीतर ह्याच्या घरात बायकांनी कधी काम केलेलं नसावं, असं माझ्या मनात आलं. पण नोकरी नवी होती. मी खाली गेले.

झडती दुसऱ्या संध्याकाळी सुरू झाली, आणि त्याच दिवशी झटकणं थांबलं. बायका कडेला थांबल्याच नाहीत, तशाच तुसाने भरलेल्या फाटकाशी आल्या.

"अवं, आधी झटकून तर या," मी म्हटलं.

"आता कायले झटकू?" पहिलीच म्हणाली. "झटकनं आता तुमचं काम, बाई. पगार तुमाले भेटते त्याचा."

मागच्या हसल्या. मी ओचा उलगडला, धानाचे दाणे घरंगळले. प्रत्येकीच्या ओच्यातून घरंगळले. चौकीदाराने ते झाडून एका घमेल्यात भरले आणि घमेलं वर नेऊन दाखवलं. मॅनेजर खूश. "म्हटलं नव्हतं?" जी चोरी झडतीआधी नव्हती ती झडतीमुळे सापडायला लागली, हे त्याला सांगायचा मी प्रयत्न केला. त्याने उलट मलाच विचारलं, "तुम्ही मुर्रीच्याच ना?"

दुसऱ्या दिवसापासून चौकीदार माझी पिशवीही पाहायला लागला.

शंकेचं असं असतं, ती एका जागी बसत नाही. चौकीदार बायकांशी हसून बोलला की मला वाटायचं, ह्याचं काही तरी आहे. दोघीजणी माझ्याकडे पाहून कुजबुजल्या की वाटायचं, आज फडक्यात काही असणार. पाणवठ्यावर मी गेले की बोलणं थांबायचं. पोरं "झडतीवाली आली" म्हणून ओरडायची. विरजण मी आमच्या घरीच लावायला लागले.

मावशीचं प्रकरण झालं ते ह्याच दिवसांत. सगळ्याच तिला मावशी म्हणत. पटांगणावरची सगळ्यात जुनी बाई तीच. घरी ठोक्याने, म्हणजे ठरावीक खंडावर, केलेली थोडी धानाची शेती, नवरा तिथे राबायचा, ती इथे. तिच्या मुलीची सोयरीक आमगावला जुळत आली होती. सुपारी फुटायची तेवढी बाकी होती. त्या संध्याकाळी तिचा ओचा सोडला तर मूठभर धान निघालं. दिवसभर ती कोपऱ्यातली झाडलोट करत बसली होती. धानात धूळ होती, तूस होतं, काडी होती. मी संशयी बाई आहे, लपवत नाही. मी ते धान हातावर घेऊन नीट पाहिलं. अर्धवट ओलं, न भरडलेलं. घरी नेऊन त्याचं करणार काय? चोरायचंच तर पलीकडे तांदळाचे ढीग होते.

पण चौकीदार वर धावला होता.

"कबूल कर, मावशी," मॅनेजर खाली येऊन म्हणाला. "कबूल कर, सोडून देतो. मी काही वाईट माणूस नाही."

"कायचं कबूल करू?"

"घेतलंस म्हणून."

"मी घेतलं असतं तं कबूल केलं असतं. बसल्या बसल्या भरलं ते. ह्या बाईले विचारा."

मी सांगितलं, ही झाडलोट आहे. तो म्हणाला, "तुमचं मत विचारलेलं नाही. कबूल होईपर्यंत फाटकाच्या आत पाय ठेवायचा नाही."

मावशीने ओचा पुन्हा खोचला. जाताना मला म्हणाली, "आमगाव लांब नाही, बाई. उद्याच्या गाडीनं हे तिकडे पोचते पाहा." पोटाची चिंता तिला होतीच. पण चोराची पोर कोण करणार, ही त्याहून मोठी.

ह्यानंतरचे काही दिवस पटांगणावर मी जे पाहिलं, ते मॅनेजरला खिडकीतून दिसत नव्हतं. कामात खोट काढावी असं काही नव्हतं. सांगितलेलं सगळं होत होतं, आणि न सांगितलेलं सगळं बंद झालं होतं. आधी हौदाचं पाणी आंबूस वास मारायला लागलं की कोणी तरी येऊन सांगायची. ताडपत्री फाटली की एखादी सुतळीने टाचून टाकायची. आता फाटकी ताडपत्री फाटकीच राहिली. मी विचारलं तर, "आमाले कोनी सांगतलं नाही."

मग माघातलं ते आभाळ आलं. जेवणाची सुट्टी होती. मॅनेजरने नियमच केला होता की सुट्टीत कोणी आत थांबायचं नाही, भोंगा झाल्याशिवाय यायचं नाही, आणि येताजाता झडती. बायका फाटकाबाहेर कडुलिंबाखाली शिदोरी सोडून बसल्या होत्या. आत पटांगणभर धान पसरलेलं, वाळत आलेलं. पूर्वी असं आभाळ दिसलं की जी पहिली पाहील ती "आभाऽळ!" अशी आरोळी द्यायची आणि सगळ्या हातातला घास टाकून धावायच्या. मुर्रीहून सुट्टीवरच्यासुद्धा यायच्या. धान ओढून ढीग, ढिगावर ताडपत्री, पाणी पडायच्या आत.

मी फाटकातून ओरडले, "आभाळ आलं! चला!"

कोणी उठलं नाही.

"भोंगा झाला का, बाई?" एकीने विचारलं.

"अवं, भोंग्याचं काय घेऊन बसलीस? धान भिजते!"

"आत येऊ तं झडती, बाहेर जाऊ तं झडती. त्या पावसाची घ्या ना आधी."

"चटणी दे वं इकडे," दुसरी म्हणाली.

त्यांनाही ते बघवत नव्हतं, हे मला दिसत होतं. एकीचा घास हातातच राहिला होता. पण उठली कोणीच नाही. मी, चौकीदार आणि भट्टीवरचे दोघे, एवढ्यांनी काय होणार? पाऊस आला, फार नाही, पण पुरेसा. पाठोपाठ दोन दिवस ऊन नाही. धान फुगलं, आंबलं, पिवळं पडलं. नंतर भरडलं तेव्हा निम्मी कनकी, नुसता तुकडा, निघाली आणि तांदळाला असा वास की आढत्याने पोतं उघडताच नाक धरलं.

मॅनेजर मला म्हणाला, "कोणी फूस लावली? नावं द्या."

"कोणीच नाही."

"कोणी सांगितल्याशिवाय अशा सगळ्या बसतील?"

"कोणी सांगितलं नाही, म्हणूनच बसल्या," मी म्हटलं. त्याला ते कळलं नाही. मला वाटतं, त्याने माझंच नाव मनात लिहून ठेवलं असेल. नुकसान बायकांकडून वसूल करणार, असं त्याने जाहीर केलं, आणि दुसऱ्या सकाळी बायका फाटकाशी आल्या पण आत शिरल्या नाहीत.

त्याच सकाळी आमगावचा माणूस माझ्या दारात उभा. मुलाचा काका. मी पाणी दिलं, त्याने तांब्या खाली ठेवला, प्यायला नाही.

"तुमीच झडती घेता ना? त्या बाईजवळ काय सापडलं?"

"झाडलोटीचं मूठभर धान. ओच्यात बसून भरलेलं."

"मंग काढलं काऊन तिले?"

"काढलं नाही. कबूल हो म्हणाले, ती झाली नाही."

"बिनाकामाचं कोनी कोनाले कबूल हो म्हनते का?" त्याने माझ्याकडे रोखून पाहिलं. "तुमी मुर्रीच्याच ना?"

हाच प्रश्न दुसऱ्यांदा. मी चप्पल घातली. "चला माझ्याबरोबर. ज्याने म्हटलं त्यालाच विचारा."

मिलच्या फाटकाशी बायका उभ्या होत्या. आत रात्री उकडलेल्या धानाचा ढीग वाफाळत पडला होता. तो पसरायला हात नव्हते, आणि ढिगात राहिलं तर दुपारपर्यंत हेही धान आंबणार होतं. मॅनेजर त्या ढिगाभोवती फिरत होता. मी त्याला फाटकापर्यंत बोलावलं आणि सगळ्यांसमोर म्हटलं, "हे आमगावहून आलेत. मावशीने चोरी केली का, एवढंच ह्यांना विचारायचं आहे. सांगा."

तो म्हणाला, "थोडा गैरसमज झाला होता."

"गैरसमज म्हंजे?" काका म्हणाला. "चोरलं का नाही चोरलं?"

"तसं बघितलं तर..."

"तसं नोको. एक काय ते सांगा. मले गाडी पकडायची हाय."

मॅनेजरने मागे ढिगाकडे पाहिलं, पुढे बायकांकडे पाहिलं. "नहीं चुराया, भाई, नहीं चुराया. हो गया?"

"आनि झडती?" मागून एकीने विचारलं.

"बंद."

"वसुली?"

तो पाठ फिरवून ढिगाकडे वळला. मी म्हटलं, "नाही म्हणतात." त्याने माझ्याकडे जळजळीत पाहिलं आणि तो फाटकातून बाजूला झाला. बायका आत गेल्या. झडती बंद म्हणजे माझंही काम बंद, हे मला मिलकडे येतानाच माहीत होतं. हजेरी मांडायला चौकीदार पुरे, असं त्याने मला त्याच दुपारी सांगितलं.

स्टेशनच्या वाटेवर काकाने विचारलं, "तो भेला म्हनून बोलला, का खरंच?"

"दोन्ही."

त्याने थोडा विचार केला. "मंग ठीक हाय," म्हणाला. चैत्रात लग्न झालं.

मावशी मात्र पटांगणावर परत आली नाही. मॅनेजरने निरोप पाठवला, चौकीदार पाठवला, शेवटी शेठने स्वतः माणूस पाठवला. ती सौंदडकडे बहिणीच्या घरी जाऊन तिथल्या शेतांवर रोवणी-कापणीला जायला लागली, कष्ट जास्त आणि मिळकत बेभरवशाची. मिलमध्ये तिच्यानंतर आलेल्या बायका चांगल्या होत्या, असं मुर्रीत ऐकायला यायचं, सांगितलेलं करायच्या. पण आभाळ आलं की आधी वर खिडकीकडे पाहायच्या, मग धावायच्या. तेवढ्यात पहिले थेंब पडलेले असायचे.

लग्नाच्या पंगतीत मावशी मला वाढायला आली.

"नोकरी गेली म्हने तुमची."

"गेली."

"मंग लाडू अजून एक घ्या," ती म्हणाली आणि नको म्हणायच्या आत दोन टाकून पुढे गेली.