दुसरा एस

माझी मुलगी तिसरीत होती तेव्हा तिच्या शाळेत रक्त तपासणारी माणसं आली. आधी बोट टोचलं, मग काही दिवसांनी पुन्हा येऊन दंडातून रक्त नेलं, आणि त्यानंतर एक कागद घरी आला. त्यावर तिच्या नावापुढे दोन इंग्रजी अक्षरं होती, एसएस. मग आम्हा नवराबायकोचंही रक्त तपासलं. आम्हा दोघांच्या कागदावर एएस आलं. डॉक्टरांनी समजावून सांगितलं, तुम्ही दोघं वाहक आहात, तुम्हाला स्वतःला काही होणार नाही. पोरीला मात्र दोघांकडून एकेक एस मिळाला. तिला सिकलसेल आहे.

मी सौंदडच्या पलीकडे एका गावात पहिलीच्या वर्गाला शिकवते. मोठा एस, लहान एस फळ्यावर गिरवून घेणं हे माझं रोजचं काम. त्या कागदानंतर बरेच दिवस फळ्यावर ते अक्षर काढताना माझा हात जड व्हायचा.

हे दुखणं ज्याने पाहिलं नाही त्याला सांगणं कठीण आहे. चांगली खेळती पोर अचानक पाय पोटाशी घेऊन पडते. अंगाला हात लावू देत नाही. रडायचीही ताकद राहत नाही, नुसती दात आवळून कण्हत असते. औषधाची कॅप्सूल रोज सुरू झाल्यापासून ही दुखणी क्वचितच उठायची. कधी कधी अख्खा हंगाम सुखाचा जायचा. पण खंड पडू द्यायचा नाही, असं डॉक्टरांनी बजावलं होतं, आणि थंडीत तर मुळीच नाही. म्हणून दर महिन्याला तालुक्याच्या सरकारी दवाखान्यात जाऊन मी औषध आणायची. डबीतल्या कॅप्सूल कमी व्हायला लागल्या की माझा जीव खालीवर व्हायचा.

त्या महिन्यात धानाच्या मळणीमुळे घरचे सगळे अडकले होते, मलाही शाळेतून रजा मिळत नव्हती. डबी रिकामी झाली त्याच्या दुसऱ्या दिवशी मी निघाले. सकाळी उठल्या उठल्या मुलगी म्हणाली, "माय, पाय दुखून राहिला." मी तिला घरी ठेवायला धजावले नाही. शाल गुंडाळून, गरम पाण्याची बाटली घेऊन तिला सोबतच नेलं. बसमध्ये ती माझ्या मांडीवर डोकं ठेवून होती. मी मधूनमधून विचारत होते, "वाढलं का वं?" ती म्हणायची, "नाई." माझ्याकडे न बघता म्हणायची, म्हणून मला खरं वाटत नव्हतं.

औषधाच्या खिडकीवर गोंदियाकडचे एक गृहस्थ बसत. आम्हाला ओळखत होते. त्यांनी कार्ड घेतलं, समोरचे कागद उलटेपालटे केले, पुन्हा वरपासून बोट फिरवलं.

"मॅडम, इसका तो नाम ही नहीं है."

"असं कसं? दर महिन्याले नेतो न आम्ही."

"मालूम है मुझे. पण आता माल वरून यादीप्रमाणे येते. इस बार आपल्या सेंटरसाठी हे औषधच नाही आलं. एक भी नहीं." ते थोडं खाली वाकून म्हणाले, "मी देत नाही असं नाही मॅडम. माझ्याजवळ आहेच नाही."

मी विचारलं, मग कधी येईल. "वरून काही निरोप नाही," ते म्हणाले. माझ्या मागे रांग होती. बाजूच्या बाकावर मुलगी दोन्ही हातांनी गुडघा धरून बसली होती, आणि तिच्या ओठांचा रंग मला ओळखीचा वाटला. दुखणं उठायच्या आधी तो असा फिका होतो.

डॉक्टर सर जिल्ह्याच्या मीटिंगला गेले होते. नर्सबाईने मुलीला आत घेतलं, पलंगावर झोपवलं, सरांना फोन लावून सलाईन सुरू केलं. मला म्हणाली, "यादीचं काम कॉम्प्युटरवाल्या मॅडमकडे आहे. तुम्ही तिथं जाऊन विचारा, मी हाये इथं." मुलीच्या हातातून माझा पदर सोडवून घेताना मला वाटलं, मी परत येईपर्यंत काही झालं तर.

व्हरांड्याच्या टोकाला ती खोली होती. आत पंचविशीची एक मुलगी, अंगात स्वेटर, टेबलावर डबा अर्धा उघडा. कंत्राटावर लागलेली. मी धापा टाकत सगळं सांगितलं. ती घाबरली नाही, उलट मला खुर्ची दिली.

"नाव असंल मॅडम, जाणार कुठं? थांबा, दाखवतो तुम्हाले."

तिने तक्ता उघडला. खूप मोठा होता, तालुक्यातल्या सगळ्या गावांचा. तिने माझ्या मुलीचं नाव टाईप केलं आणि ती ओळ लगेच समोर आली. नाव, गाव, शाळा, वय, सगळं बरोबर.

"हे पाहा. आहे न. एसएसही लिहून आहे."

मी चष्मा सावरून वाकले. नाव होतं. शेवटच्या रकान्यात तिचा निकाल होता. पहिला एस मोठा, दुसरा एस लहान.

आज कुणाला हसू येईल, पण त्या क्षणी मी भलतंच समजून बसले. मला वाटलं, हा वेगळा काही प्रकार आहे. मागच्या महिन्यात रक्त नेलं होतं, त्यात काही नवीन निघालं असेल, आजार बदलला असेल, ते जुनं औषध आता लागू पडत नसेल म्हणूनच बंद केलं असेल, आणि मला अजून कुणी सांगितलं नाही.

"बेटा," मी म्हटलं, "हा दुसरा एस लहान काऊन आहे? खरं सांग मले. हा दुसरा आजार आहे का?"

"नाई हो मॅडम, ते तर..." ती बोलता बोलता थांबली. स्क्रीनच्या जवळ गेली. मग भराभर खाली सरकत गेली. खालच्या सगळ्या ओळींत तसंच होतं. जिथे एसएस हवं तिथे मोठा आणि लहान. एएस तसंच, निरोगी पोरांचं एएही तसंच. तिचा चेहरा पांढरा पडला. मी तिच्याकडे बघत होते आणि मला जास्तच भीती वाटायला लागली, कारण आतापर्यंत त्या खोलीत न घाबरलेलं माणूस ती एकटीच होती.

"काय झालं? बोल न."

हळूहळू तिने सांगितलं. गावागावातून आलेली नावं इंग्रजीत कशीही टाईप केलेली होती. काही सगळी मोठ्या अक्षरांत, काही सगळी लहान अक्षरांत. वरून निरोप आला, नावं एकसारखी करून पाठवा, पहिलं अक्षर मोठं, बाकीची लहान. त्यासाठी एक सूत्र असतं, रकान्याला लावलं की सगळं एका झटक्यात होतं. तिने ते नावांना लावलं, गावांना लावलं, शाळांना लावलं, आणि त्याच ओघात शेवटच्या रकान्यालाही लागलं. त्या सूत्राला काय माहीत की एसएस हे कुणाचं नाव नाही. त्याने दुसरं अक्षर लहान करून टाकलं.

"माझ्या इथं शोधलं तर सापडते," ती म्हणाली, "लहान काय न मोठं काय, इथं फरक नाई पडत. म्हणून समजलं नाई मले. पण वरच्या ऑफिसचं सॉफ्टवेअर दोन्ही मोठे असले तरच घेते. नाई तर तपासणी बाकी म्हणून टाकून देते."

"म्हणजे आमच्या पोरीची तपासणीच झाली नाई असं समजले?"

"सगळ्यांचीच, मॅडम. आपल्या तालुक्यात एकही पेशंट नाई असं गेलं."

मग ती दुरुस्त करायला बसली. बाजूला नवा रकाना घेतला, सगळी अक्षरं मोठी करणारं सूत्र लिहिलं, खाली ओढलं. एसएस, एएस, एए, सगळे पुन्हा उभे राहिले. पण ती घाईघाईत जुना रकाना पुसायला निघाली तेव्हा माझ्या तोंडून "थांब!" असं निघून गेलं. मला वाटलं, आता ही सगळंच पुसते. ती म्हणाली, "हो, हो, नवा रकाना जुन्यावरच चालते, आधी नुसती अक्षरं चिकटवून घ्यावी लागतात, नाई तर नवंही जाते." तिने ते केलं. मी प्रत्येक क्लिक पाहत होते.

तक्ता नीट झाला. तिने तो पुन्हा पाठवला. आणि मग दार लोटून घेतलं.

"मॅडम, सरांना नका सांगू. मार्चमध्ये माझी ऑर्डर संपते. हे समजलं तर मले ठेवणार नाईत. तुमच्या पोरीचं औषध मी आणून देतो, कुठूनही आणतो, आजच आणतो."

खरं सांगायचं तर मला त्या क्षणी फक्त माझी मुलगी दिसत होती. हो म्हणावं असं अगदी ओठावर आलं होतं. या दवाखान्यात आम्हाला जन्मभर यायचं आहे, इथल्या माणसाशी वाईटपणा घेऊन कसं चालेल, हीही भीती होती. मी तिला विचारलं, "बाकीचे?"

ती स्क्रीनकडे वळली. स्क्रीनवर अजून ती यादी होती. इटियाडोह धरणाच्या बाजूची गावं, माझ्या मुलीच्याच वयाची एक पोरगी, दोन सख्खे भाऊ. कुणीतरी असंच खिडकीवर येऊन परत गेलं असेल. गाडीभाड्याचा विचार करून पुन्हा आलं नसेल.

तीच उठली. मी काही समजावलं नाही, माझ्यात तेवढा धीर नव्हता. ती नर्सबाईकडे गेली, फोन मागितला आणि माझ्यासमोरच सरांना लावला. "सर, माझ्याकडून चूक झाली. सगळ्यांचे रिझल्ट बिघडून गेले. पेशंटना औषध नाई भेटलं, सर." पलीकडून काय बोलले ते ऐकू आलं नाही. ती फक्त "हो सर, हो सर" म्हणत भिंतीला टेकून उभी होती.

त्यानंतर धावपळ झाली. सरांनी जिल्ह्यातूनच शेजारच्या तालुक्याला फोन केला आणि दुपारी ॲम्ब्युलन्सच्या ड्रायव्हरने कॅप्सूलचा खोका आणून दिला. ती कॉम्प्युटरवाली मुलगी जेवली नाही. यादी घेऊन गावोगावच्या आशाताईंना फोन करत बसली. "तुमच्याकडचं लेकरू कसं आहे? आधी पाहून या, मग मले सांगा." प्रत्येक फोननंतर ती यादीतल्या नावापुढे खूण करायची. एका गावचा मुलगा दोन दिवसांपूर्वीच गोंदियाला भरती झाला होता. हे ऐकून तिने तोंडावर ओढणी धरली.

माझ्या मुलीचं दुखणं त्या दुपारी उठलंच. पायातून कमरेत गेलं. सलाईन, दुखण्याचं इंजेक्शन, गरम पाण्याची पिशवी. मी तिचे पाय हातांत धरून बसले होते आणि मला वाटत होतं, खंड एकाच दिवसाचा पडला, पण कोण जाणे. डॉक्टर सर आल्यावर म्हणाले, थंडीनेही होतं, औषधामुळेच झालं असं नाही. मी मान हलवली, पण पटलं नाही. अजूनही नक्की माहीत नाही. ते त्या कॉम्प्युटरवाल्या मुलीवर माझ्यासमोर रागावले नाहीत, तिच्याकडून लेखी खुलासा मात्र त्यांनी घेतला.

काही दिवसांनी मुलगी बरी होऊन घरी आली. गोंदियाला भरती झालेला मुलगाही सुखरूप घरी गेला, असं नर्सबाईने सांगितलं. कंत्राटवाली मुलगी मार्चनंतरही कामावर राहिली. कोणाच्या शब्दाने राहिली ते मी विचारलं नाही. आता आम्ही गेलो की ती स्वतः बाहेर येते, मुलीला खोलीत नेते आणि तक्त्यात तिची ओळ उघडून मला दाखवते. मी दोन्ही अक्षरं नीट बघते. माझ्या आधी तीच बघते. मग आम्ही दोघी औषधाच्या खिडकीपर्यंत सोबत चालत जातो आणि डबी माझ्या हातात पडेपर्यंत ती तिथून हलत नाही.