अष्टपैलू मतलब?

मंडळी, दुपारची गोष्ट डोक्यातून जात नाहीये.

आर. के. पुरममधले आमचे शेजारी शिर्केकाका रिटायर होऊन पुण्याला परत चाललेत. एकेकाळी रणजी खेळायचे. आज त्यांचं सामान बांधताना एक पिवळं पडलेलं कात्रण सापडलं: ‘अष्टपैलू शिर्के पुन्हा संघात’.

माझी लेक दिल्लीतच वाढलेली. तिने विचारलं, "काका, अष्टपैलू मतलब?"

"बॅट्समनला लागलं की बॅटिंग करायची, बॉलरला लागलं की बॉलिंग. दोघंही बरे झाले की आपण बाहेर."

"पण तुम्हाला काय आवडायचं?"

काकांनी कात्रण घडी करून खिशात ठेवलं. "बॉलिंग. पण बेटा, हे पहिल्यांदाच कोणी विचारलं."

‘हा कुठेही चालतो’ म्हणत ऑफिसात एकाला मीच तीन सेक्शन फिरवलंय. तुमच्याकडेही असेल असा कोणी. विचारलंत कधी त्याला?