नाथाजी दुभाष्याचा कबुलीजबाब

फौजेतले हवालदार नाथाजी निकमांना गोरखाली, म्हणजे नेपाळी, येते, हे साताऱ्याच्या आसपास कुणाला माहीत नाही अशी सोयच नाथाजींनी ठेवली नव्हती. डेहराडूनला गोरखा पलटणीच्या शेजारच्या बराकीत त्यांची चार वर्षं गेली होती. भात मागायला, फुटबॉलच्या मैदानावर शिव्या द्यायला आणि उसनी बादली परत आणायला जेवढी भाषा लागते, तेवढी त्यांना येत होती. पेन्शनीवर गावी आल्यावर मात्र ती दरवर्षी थोडीथोडी वाढत गेली. पारावर नाथाजी गोरखाली झाडू लागले की म्हातारे माना डोलवायचे. चूक काढणार कोण? गावात दुसऱ्या कुणाच्या बापाला ती येत होती?

१९९१ च्या सप्टेंबरात पोलिसांची जीप दारात उभी राहिली, तेव्हा त्यांच्या बायकोनं, साळूबाईंनी, आधी दार लोटून घेतलं. पण जीप मानानं आली होती. महाबळेश्वरच्या एका हॉटेलचा मॅनेजर भर पावसात दगडी पायऱ्यांवरून खाली पडून मेला होता. त्याच्या सोबत असलेला नेपाळी नोकर पोलिसांनी धरला होता. त्याला मराठी येत नव्हती, हिंदी नावाला. साताऱ्याला मॅजिस्ट्रेटसमोर त्याचा जबाब घ्यायचा होता आणि दुभाषी मिळत नव्हता. कुणीतरी नाथाजींचं नाव सुचवलं. नाथाजींनी कोटाला पदकं लावली, मिशीला पीळ भरला आणि जीपमध्ये पुढच्या सीटवर बसून निघाले.

त्या नोकराचं नाव सुकमान तामांग. वय विशीचं, डोंगरातून येऊन दोन महिने झालेले. नाथाजींनी शपथ घेतली की मी खरं आणि बिनचूक भाषांतर करीन. मग मॅजिस्ट्रेटसाहेब म्हणाले, "त्याला नीट समजावून सांगा. कबुली दिलीच पाहिजे असं नाही. पण दिली तर ती त्याच्याविरुद्ध वापरली जाईल."

एवढी गोरखाली नाथाजींच्या बराकीत कधी लागली नव्हती. त्यांनी घसा खाकरला आणि सुकमानला म्हणाले, "साहेब विचारतात. खरं सांग."

सुकमान बोलायला लागला. आधी त्यानं चार शब्द गोरखालीतले जुळवले, मग घाबरून तो भलत्याच बोलीत घुसला. नाथाजींच्या हाती लागले ते दोनच शब्द: हात आणि पडला. बाकी सगळा लोंढा. सुकमान मूठ आवळून दाखवत होता, डोळ्यांतून पाणी काढत होता. शेवटी त्यानं थेट नाथाजींकडे बघत एक छोटं वाक्य म्हटलं. त्यानं तेच वाक्य पुन्हा म्हटलं. आणि पुन्हा.

"काय म्हणतो?" साहेबांनी विचारलं.

मला कळत नाही, एवढं म्हणून मोकळं व्हायचं होतं. पण बावीस वर्षांच्या नोकरीत नाथाजींनी कुठल्याही साहेबाला असं उत्तर दिलं नव्हतं. साहेबानं विचारलं की जवानानं टाचा जुळवून उत्तर द्यायचं, ते बरोबर का चूक हे मागाहून बघायचं, हेच त्यांच्या हाडात मुरलं होतं. शिवाय दारातला पोलीस त्यांच्या पदकांकडे बघत होता.

"म्हणतो साहेब, की राग आला, हातानं ढकललं, आन् त्यो पडला."

राग नाथाजींनी पदरचा घातला होता. हात आणि पडला यांच्यामध्ये काहीतरी असल्याशिवाय जबाब पुरा होत नव्हता.

साहेबांनी कागद वाचून दाखवला. नाथाजींनी विचारलं, "बरोबर?" सुकमाननं मान हलवली. कोठडीत तो तेवढंच शिकला होता. पुढं खटल्यातही दुभाषी नाथाजीच. सरकारनं दिलेला वकील सुकमानशी बोलायचा तोही नाथाजींच्याच तोंडून. सात वर्षांची सजा झाली. गावानं नाथाजींना शाल-नारळ दिला आणि तेव्हापासून ते दुभाषी आबा झाले.

ते वाक्य मात्र त्यांच्या मागं लागलं.

उसाला पाणी पाजताना पाटाच्या खळखळीतून ते यायचं. पिठाच्या गिरणीत पट्टा फिरू लागला की त्या ठेक्यावर यायचं. लेक शिवांजलीच्या लग्नात वाजंत्री जराशी थांबली, तेवढ्या वेळात ते आलं, आणि अक्षता टाकायच्या सोडून नाथाजी मागं वळून बघत राहिले. अर्थ माहीत नव्हता. नुसते आवाज, पण एकही आवाज इकडचा तिकडे होत नव्हता. साताऱ्याला गेले की ते दिसेल त्या नेपाळी वॉचमनला गाठून ते आवाज म्हणून दाखवायचे. वॉचमन हसायचा, नाहीतर बिचकायचा. पारावर बसणं बंद झालं. गोरखाली तर त्यांच्या तोंडून पुन्हा कुणी ऐकली नाही.

साळूबाईंना वाटलं, बाहेरचं काहीतरी लागलंय. त्यांनी देवऋषी आणला. त्यानं लिंबू उतरवलं, अंगारा फुंकला आणि दरडावून विचारलं, "कंचं मढं हाय? बोल!"

"मढं न्हवं रं," नाथाजी म्हणाले. "जित्ता हाय त्यो. माझ्यामुळं आत बसलाय."

देवऋषी साहित्य गोळा करून निघून गेला. त्या दिवशी पहिल्यांदा नाथाजींनी सगळं साळूबाईंना सांगितलं. त्यांनी सांडलेला अंगारा झाडून काढला. मग म्हणाल्या, "आवं, पर ते वाक्य तरी काय हुतं?"

ते कळायला १९९७ चा जानेवारी उजाडला. भाच्यानं महाबळेश्वरजवळ स्ट्रॉबेरी लावली होती, ती बघायला नाथाजी गेले होते. मळ्यात एक नेपाळी जोडपं कामाला होतं. बाई वाकून फळं खुडत होती. तिनं पलीकडच्या वाफ्यातल्या नवऱ्याला काहीतरी ओरडून सांगितलं आणि नाथाजी बांधावरून तडक तिच्यापाशी गेले. ही गोरखाली नव्हती. हा तोच लोंढा होता.

"कुठली बोली ही?"

"आमची घरची. तामांग," बाई हिंदीत म्हणाली.

नाथाजींनी पाच वर्षं सांभाळलेलं वाक्य तिच्यासमोर म्हटलं. उच्चार ऐकून ती आधी खुदकन हसली. मग तिनं त्याचा अर्थ सांगितला, "हे बाबा काय बोलतात ते मला समजत नाही, दुसरं कुणी आणा."

नाथाजी वाफ्यातच खाली बसले. सुकमाननं तीनदा सांगितलं होतं. जे सांगायची त्यांची छाती झाली नव्हती, ते त्या पोरानं साहेबांसमोर, भरल्या खोलीत, तीन-तीनदा सांगितलं होतं, आणि ते साहेबांपर्यंत पोचवायचं काम नाथाजींचंच होतं.

घाट उतरल्या उतरल्या त्यांनी साताऱ्यात एक वकील गाठला. वकील म्हणाले, "तुम्ही प्रतिज्ञापत्र दिलं आणि सुकमाननं अर्जावर सही केली तर प्रकरण वर नेता येईल. पण आबा, शपथेवर खोटं सांगितलं म्हणून तुमच्यावरच खटला होईल." साळूबाईंनी घरी रडून घेतलं, आणि सकाळी स्वतःच भाकरी बांधून दिली. नाथाजींनी प्रतिज्ञापत्रावर सही केली, वकिलामार्फत तुरुंगभेटीची परवानगी काढली आणि सांगलीची एसटी धरली. सुकमानला आता सांगलीच्या तुरुंगात ठेवलं होतं.

मळ्यातल्या बाईकडून त्यांनी माफीची दोन वाक्यं तामांगमध्ये पाठ करून घेतली होती. जाळीपलीकडे सुकमान आला. अंगानं भरला होता, पंचविशीतच कानशिलांवरचे केस पांढरे होऊ लागले होते. नाथाजींनी टाचा जुळवल्या आणि वाक्यं म्हटली.

सुकमान ऐकत राहिला. मग म्हणाला, "मराठीत बोला, बाबा. हितं समदी सांगलीचीच मान्सं हायती. शिकलो मी."

मराठीत हे सांगायची तयारी त्यांनी केली नव्हती. "तुझी बोली मला येत न्हवती रं," ते कसेबसे म्हणाले. "राग, ढकललं, ते तू बोललाच न्हाईस. मी मनचं सांगितलं."

ते शिव्यांची वाट बघत होते. पाच वर्षं बघत होते. सुकमान नुसता जाळीला टेकला.

"मी बोललो न्हाई?"

"न्हाई."

"कागद मी एकाकडनं वाचून घेतला हितं आल्यावर. त्यात हाय, मीच बोललो. मला वाटलं, भ्यालो हुतो, माझ्याच तोंडनं निघालं आसंल." तो आपल्या उजव्या हाताकडे बघत होता. "पायरीवर शेवाळ हुतं. मॅनेजरसायेब घसरलं. मी हात धरला हुता त्यांचा. आसं आधी ध्यानात हुतं. मग कागद ऐकला. रोज ऐकला डोक्यात. आता डोळं मिटलं की मी ढकलतोयच दिसतंय."

"आरं, ते माझं खोटं हाय! तू धरला हुतास!"

सुकमाननं मान वर केली. त्याच्या आवाजात राग नव्हता, त्याला खरंच जाणून घ्यायचं होतं.

"तुमी हुता का तितं?"

शिपायानं वेळ संपल्याचं सांगितलं.

वकील अर्ज घेऊन दोनदा सांगलीला गेले. नाथाजींचं प्रतिज्ञापत्र सोबत होतं, शिक्क्यासकट. सुकमाननं दोन्ही वेळेला अर्ज नीट ऐकून घेतला. 'मी त्यांचा हात धरला होता' या ओळीवर तो थांबायचा, शपथेवर लिहायचं ना, असं विचारायचा आणि पेन परत करायचा.