रोमच्या मालकाला कॉफी नाही

कुंभकोणमला देवळं बघायला चाललोय, असं मी घरी सांगितलं होतं. खरं तर चाललो होतो कॉफीसाठी. स्टेशनबाहेर घमघमणाऱ्या कॉफीकडे निग्रहाने पाठ फिरवली, कारण पहिला पेला अंबूअक्कांच्या हातचाच घ्यायचा होता. अक्का म्हणजे माझ्या पुण्यातल्या शेजाऱ्यांची बहीण. मराठेशाहीत इकडे आलेलं घराणं, घरात अजून जुनी मराठी.

तिण्णैवर (ओट्यावर) त्यांचे यजमान रामराव कपाळ दाबत बसले होते.

"बैसा. कॉफी मात्र मागूं नका," ते हळूच म्हणाले. "हिनें नवस केला आहे. तो टीव्हींतला रोमचा गुलाम सुटेपर्यंत कॉफी सोडली. ती पीत नाहीं म्हणोन घरांत कोणासच नाहीं."

झुंजायला लावलेल्या गुलामांच्या बंडाची ती मालिका. तिच्यातल्या दुष्ट मालकाला मराठी आवाज मीच देतो! तोंड उघडायचं नाही असं ठरवलं. पण न्याहारीला अक्का इडल्या वाढतच राहिल्या, तेव्हा सवयीने गरजलो, "बस्स! पुरे!"

अक्कांचा हात थबकला. "ऐयो! हा तो चांडाळ!"

"अहो, मी नुसता बोलतो..."

"तूं बोलतोस म्हणोनच तो मार खातो! पुढें काय होतें त्याचें?"

शेवटचा भाग अजून डब व्हायचा होता, पण मी वाचला होता. नायक मरतो. मी चटणीकडे बघत राहिलो. अक्कांचे डोळे भरून आले आणि मला खरंच वाईट वाटलं.

तोड रामरावांनी काढली. "आमच्या भजनांत कथा मरणावर सोडीत नाहींत. पट्टाभिषेक (राज्याभिषेक) करोन, मंगळ (समाप्तीचं गाणं) गावोनच उठतों."

मग मला तिरुभुवनमचा रेशमी शेला पांघरून टीव्हीशेजारी उभं केलं. मी मालकाचा आवाज लावला. "आजपासून सगळे गुलाम मोकळे! राज्य याचं!" पडद्यावर थांबवून ठेवलेल्या त्या उघड्याबंब गड्यावर अक्कांनी अक्षता टाकल्या, त्याला ओवाळलं, मंगळ म्हटलं, आणि डोळे पुसत स्वयंपाकघरात गेल्या.

त्या फेसाळ कॉफीसाठी मी अख्खं रोम दिलं असतं. दिलंच होतं म्हणा.

पुण्याला परतल्यावर शेवटच्या भागाचं डबिंग लागलं. "चढवा याला सुळावर!" एवढंच वाक्य, पण पुन्हा पुन्हा चुकत राहिलो. अखेर, पोट कोणाला चुकलंय, म्हणत ते बोलून टाकलं. बाहेर येऊन आधी कुंभकोणमला फोन लावला.

"अक्का, शेवटचा भाग बघू नका."

"कशास बघूं? त्यास राज्य देवोन झालें कीं," अक्का म्हणाल्या. "तूं कॉफी घेतलीस?"