मामांचा गेलेला पाय

दिंडोरीच्या माझ्या मामांचा डावा पाय साखरेपायी गुडघ्याखाली कापावा लागला. तो त्यांनी दवाखान्यातून मागून घेतला आणि द्राक्षबागेच्या कडेला पुरला. कुत्र्यांनी उकरू नये म्हणून वर दगड ठेवला. थोड्याच दिवसांत त्या नसलेल्या पायाची बोटं आखडून ठणकायला लागली. मामांना कारण लगेच सापडलं: दगड. तो बाजूला करवला. ठणका थांबेना, तेव्हा बोटं गारठली असतील म्हणून वर गवत पसरवलं. जागेवर असताना त्या पायाचे एवढे लाड कधी झाले नव्हते.

नवा पाय बसवायला मात्र मामा तयार होईनात. ‘‘जुना अजून गेला नाय. एका जागंवर दोघांना कसं बसवू?’’

छाटणी तोंडावर आली होती. खाटेवरून शिव्या घालून छाटणी होत नाही, असं मामींनी मला फोनवर ऐकवलं. पायाच्या उपचारासाठी मी दोघांना शहरात, गंगापूर रोडला माझ्याकडे घेऊन आले.

इथल्या फिजिओथेरपिस्ट बाईंनी समजावलं की पाय गेला तरी मेंदूत त्याची जागा राखलेली असते, एसटीत रुमाल टाकून ठेवतात तशी. तिकडून काही खबर येईना, की मेंदू आपल्याच मनाच्या बातम्या रचतो. मामांना हे ताबडतोब पटलं. आमच्या भावकीत अशी माणसं आहेत. उपाय सोपा होता. दोन्ही मांड्यांच्या मध्ये आरसा उभा धरायचा, उजवा पाय हलवायचा आणि आरशात डावा हलताना बघायचा.

मी कपाटाचा आरसा काढला. आरशात बघायचं वय गेलं म्हणत मामांनी उजव्या पायाची बोटं आवळली, सावकाश सोडली आणि आरशातल्या डाव्या पायावर नजर लावली.

‘‘सुटली,’’ ते म्हणाले.

मग रोज सकाळी हाच कार्यक्रम. ठणका कमी होत गेला, तरी नव्या पायाचा विषय निघाला की मामा खिडकीबाहेर बघत. एकदा मामी उजव्या पायाला तेल चोळत होत्या. मामा आरशाकडे बघत हळूच म्हणाले, ‘‘त्याला पण लाव.’’

मामींच्या तोंडाला कोणी लागत नाही. मी टोमण्याची वाट बघत होते. त्यांनी तेलाचा तळहात आरशावर ठेवला आणि टाचेपासून बोटांपर्यंत निगुतीनं चोळलं.

‘‘जन्मभर राबलाय,’’ त्या म्हणाल्या. ‘‘कोरडा कशाला जाईल?’’

मामांनी डोळे पुसले. मग मला म्हणाले, ‘‘नव्याचं माप द्यायला उद्या जाऊ.’’