ड्रॅगनवरचा भालदार

डाव्या हाताची दोन बोटं पंखांसारखी पसरायची, उघड्या डब्यांवरून तरंगत न्यायची आणि उजव्या हाताच्या करंगळीने लोणच्याच्या फोडीला टोचायचं. "वरून जायचं, भाला हाणायचा, अन् माघारी यायचं. इतकं सोप्पं हाय, मॅडम." तीन वर्षं जेवणाच्या सुट्टीत एका सहकाऱ्याचं हे मी रोज पाहिलं. वरून जाणं पाहिलं, भाला हाणणं पाहिलं. माघारी येणं एकदाही पाहायला मिळालं नाही.

आम्ही जालन्यातल्या एका बियाणे कंपनीत होतो. मी भांडारात. माझ्या सहीशिवाय तिथून पोतं बाहेर पडत नाही. तो उगवण तपासणीच्या खोलीत. ओल्या कागदात दाणे गुंडाळून ठेवायचे आणि आठवड्याने किती उगवले ते मोजायचे, हे त्याचं काम. वाटूरहून एसटीने यायचा. वयाने माझ्याहून चार वर्षं लहान, म्हणून 'तो' म्हणते. तोंडावर 'भाऊ' म्हणायचे. असा एखादा तुमच्याही ऑफिसात असेल. काम ठीक, स्वभाव बरा आणि डोक्यात एकच खूळ, तेही चुकीचं.

त्याचं खूळ म्हणजे टॅबवरचा एक खेळ. बुद्धिबळासारखा चौकटींचा पट. आपली दहा-बारा जणांची फौज, समोर शत्रूची. एक चाल आपली, एक त्यांची. तलवारवाले, ढालवाले, वैद्य, धनुर्धारी, सगळे आहेत. शहाणा माणूस ढालवाल्याला पुढे ठेवतो आणि वैद्याला मागे. आमच्या गृहस्थाचा जीव मात्र ड्रॅगनवर बसून भाला चालवणाऱ्या सरदारावर. नदी असो, डोंगर असो, हा वरून जातो. चिलखत जाड. वैगुण्य एकच, बाण लागला की जखम तिप्पट. आणि धनुर्धारी नाहीत असा एकही नकाशा, म्हणजे लढाईचं मैदान, त्या खेळात नाही.

मला या भालदाराविषयी कधी आदर वाटला नाही. खाली ड्रॅगन आहे तर त्याने आग ओकावी. तो ओकत नाही. तो नुसतं वाहन, आणि वरचा माणूस काठीने टोचतो. शिरस्त्राणाला शिंगं आहेत, त्यांचा उपयोग कुणी सांगत नाही. एवढं थोरलं जनावर, त्याच्या वैरणपाण्याचा कुठे उल्लेख नाही. मी हे सगळं एकदा मुद्देसूद विचारलं. तो म्हणाला, "मॅडम, पण दिसतो कसा ते बघा ना." झालं. एवढंच उत्तर. दिसतो खरा. धनुर्धाऱ्यांनाही दिसतो.

फौजेतल्या सगळ्यांना त्याने आमची नावं दिली होती. भालदाराला अर्थातच स्वतःचं. पॅकिंग विभागातले चाचा आमच्यासोबत जेवायला बसायचे, ते झाले वैद्य. मी ढालवाली. एका चालीत जेमतेम तीन घरं सरकणारी, अंगावर मणभर लोखंड, काम काय तर दार अडवून उभं राहणं. मी दोन दिवस त्याच्याशी बोलले नाही.

"आवो, तुमच्यावाणी दुसरं कुणी न्हाई," तो समजूत घालत राहिला. "दारात उभं केलं की मुंगीसुद्धा आत जात न्हाई. खरं सांगून राह्यलो."

"बाई, बराबर बोलतोय तो," चाचा म्हणाले. "मी परवा एक सुतळी मागितली, तर तुम्ही अर्ज मागितला."

खेळात जो मेला तो मेला, पुन्हा येत नाही. मात्र चूक झाली तर एक चाल मागे जायचं बटण आहे. ते बटण त्याने कधी दाबलं नाही. मी कारण विचारलं, तर म्हणे, "खऱ्यात असतंय का असं बटण? मंग इथं कशाला दाबायचं?" आणि भालदार मेला की राहिलेल्या फौजेसकट अख्खा खेळ सोडून द्यायचा आणि पहिल्या नकाशापासून पुन्हा सुरुवात. पुन्हा तेच नाव, तोच ड्रॅगन. त्यामुळे तीन वर्षांत हा माणूस शेवटच्या नकाशातल्या सिंहासनापर्यंत एकदाही पोचला नाही. मी वहीत यादी ठेवली होती. पहिला मृत्यू पुलावर, धनुर्धारी. दुसरा बुरुजापाशी, धनुर्धारी. तिसरा जंगलात, धनुर्धारी, झाडीमागचा. चौथ्यापासून मी 'वरीलप्रमाणे' लिहायला लागले.

"भाऊ, हा ड्रॅगन न्हाई, कबूतर हाय," चाचा म्हणायचे. "रोज कुणीतरी पाडतं."

तुम्ही म्हणाल, खेळच तो. पण माणूस खेळात एक आणि बाहेर वेगळा, असं मी तरी पाहिलेलं नाही. एकदा कुंपणाआतल्या चाचणीच्या प्लॉटमध्ये वानरं शिरली. पंधरा-वीस तरी असतील. मी सांगितलं, सहा जण जमा, दोन्ही बाजूंनी डबे वाजवत चला. सहा जण जमेपर्यंत हा जळमटं काढायचा लांब बांबू घेऊन एकटाच मक्यात घुसलेला. आम्ही पोचलो तेव्हा वानरं गोल करून बसली होती आणि हा मधे. बांबू एका वानराच्या हातात. चष्मा दुसऱ्याच्या.

"एकटे का गेलात?" मी विचारलं.

"बांबू लांब व्हता ना, मॅडम."

"आणि माघारी?"

"येतच व्हतो," तो म्हणाला. चाचा हसून हसून बांधावर बसले.

मग त्याची बदली झाली. कंपनीच्या तेलंगणातल्या कारखान्यात, तीन आठवड्यांत हजर व्हायचं. पत्र आलं त्या दिवशी त्याने डबा उघडलाच नाही. टॅब माझ्यापुढे सरकवला. आठवा खेळ नुकताच सुरू केलेला होता.

"मॅडम, जायच्या आदी हा गडी एकदा सिंहासनापर्यंत न्यायचाय. जित्ता. इथंच, तुमच्यासमोर. तिकडं कोण हाय बघायला?" मग म्हणाला, "यादी करा. तुम्ही म्हणाल तिथं उभा राहतो."

यादी करा असं मला कुणी सांगावं लागत नाही. भालदार कायम मागच्या रांगेत. चाल करण्याआधी प्रत्येक धनुर्धाऱ्याचा टप्पा बोटाने मोजायचा. धनुर्धारी जो सगळ्यात जवळ असेल त्याच्यावर बाण सोडतात, म्हणून जवळ ढालवाली ठेवायची. असे सात नियम लिहून मी कागद टॅबच्या कव्हरला चिकटवला. त्याने ते पाळले. वाकून काचेवर एकेक घर मोजायचा, दाणे मोजतो तसा. नकाशामागून नकाशा जिंकत गेलो. भालदार मागे उभा, अंगावर ओरखडा नाही.

"कबूतर खुराड्यात बसलं," चाचा म्हणाले.

"मजा न्हाई राह्यली, चाचा," तो म्हणाला. "पण जित्ता हाय."

शेवटच्या दिवशी शेवटचा नकाशा. किल्ल्याचं दार, पुढे चौक, पलीकडे सिंहासन. दोन वाजता त्याला न्यायला गाडी येणार होती. दीडला डबे बाजूला सारले. मी दारात उभी होते, म्हणजे पटावरची मी, आणि समोर भिंतीवर तीन धनुर्धारी उगवले. ढालवालीच्या अंगात एकोणीस जीव उरलेला. एका बाणाला सहा जातात, तिन्हींचे अठरा. एक उरतो, आणि पुढच्या चालीत आमचे धनुर्धारी त्या तिघांना पाडतात. मी वेगळ्या कागदावर लिहिलं, 'मॅडम दारातच. भालदार मागेच.' आकडेमोड मागच्या बाजूला केली. तेवढ्यात फाटकावर ट्रक आला आणि ड्रायव्हर माझ्या सहीसाठी ओरडायला लागला. "कागदाप्रमाणे करा, मी आलेच," असं सांगून मी गेले.

दहा मिनिटांत परत आले. चाचांनी टोपी काढून मांडीवर ठेवली होती. पटावर ढालवाली दारात होती तशीच होती, एकोणीसच्या एकोणीस. तिच्या पुढच्या घरात नुसता एक भाला पडलेला.

"पुढे आणलात?"

"तिघं जण व्हते, मॅडम. तुम्ही एकट्या."

"कागदावर मागेच लिहिलं होतं."

"लिव्हलं व्हतं. पण तुम्ही मेल्या असत्या तर?"

मी कागद उलटा करून त्याच्यापुढे धरला. एकोणीस वजा अठरा, बरोबर एक. त्याने बोट ठेवून ती वजाबाकी पुन्हा केली.

"हे बघितलंच न्हाई," तो म्हणाला.

तीन वर्षं शिकवूनही ज्याला कागदाची दुसरी बाजू बघायचं सुचत नाही, त्याला काय म्हणावं? त्याचा मरण्याचा निर्णय पूर्णपणे अनावश्यक होता. भालदार वाचला असता, मीही वाचले असते, खेळ पुरा झाला असता. चूक माझ्या बाजूची नोंदवायची तर एकच, कागदावर 'मागे पाहावे' असं मी लिहिलं नव्हतं. एरवी मी लिहिते.

"ते बटण दाबा," मी म्हणाले. "एक चाल मागे."

त्याने नकारार्थी मान हलवली. मला वाटलं, आता नेहमीप्रमाणे खेळ बंद करणार. पण त्याने टॅब उचलून माझ्या हातात दिला.

"बाई अजून उभी हाय," चाचा म्हणाले. "चला. जल्दी."

मग मी चालले. एका चालीत तीन घरं. चाचांचा वैद्य माझ्यामागे. सिंहासनाला पोचायला नऊ चाली लागल्या. ड्रॅगनवरून एका चालीत पोचता आलं असतं. खेळ संपल्यावर पडद्यावर सगळ्या फौजेची नावं आली, जिवंत असलेल्यांची पिवळ्या अक्षरांत, एक तेवढं करड्या. त्याने चष्मा कपाळावर सरकवून सगळी वाचली.

"लई जण वाचले की," तो म्हणाला. बाहेर गाडीचा हॉर्न वाजला. निघताना त्याने दोन बोटं पसरून माझ्या टेबलावरून तरंगत नेली, दारापर्यंत, आणि तशीच बाहेर नेली.

तो खेळ आता माझ्या मोबाइलवर आहे. चाचा समोर बसून जेवतात. फौजेत एक भालदार आहे, त्याच्या नावाचा. मागच्या रांगेत, कोपऱ्यात, सगळ्या बाणांच्या टप्प्याबाहेर. "बाई, ह्याला कधी उडवणार?" चाचा विचारतात. अर्धा खेळ झाला, त्याच्या भाल्याने अजून एक माशीही मारलेली नाही. इतका निरुपयोगी गडी मी फौजेत पाहिला नाही. प्रत्येक चाल संपवण्याआधी मी त्याच्यापासून सगळ्यात जवळच्या धनुर्धाऱ्यापर्यंतची घरं मोजते. मग पुन्हा एकदा मोजते.