खाकी हाफ पँटीतला इंग्रज

आधी चहाचा कप खाली ठेवा बघू. सांडाल आणि मग मेधा मला बोलेल!

घोळ मी आयुष्यात कमी घातलेले नाहीत, हे तुम्हाला माहीतच आहे. पण इंग्रजांच्या सैन्यात भरती होऊन जो घातला ना, त्याला तोड नाही. हो हो, इंग्रजांच्याच सैन्यात. आणि तेही न्यू जर्सीत, पिस्कॅटवेला राहून, दिवसभर ऑफिसात कोडिंग करत असताना!

दोन हजार चार साल असेल. आमच्या शेजारी वॉल्टर नावाचा म्हातारा राहायचा. शाळेत इतिहास शिकवून रिटायर झालेला, एकटा, गोड माणूस. त्याला एक वेड होतं. अमेरिकेनं इंग्रजांना हाकलून लावलं ना, त्या काळातली एक लढाई हा आणि याचे मित्र दर मे महिन्यात एका शेतावर पुन्हा लढायचे. जुने कपडे, जुन्या बंदुका, तोफ, सगळं साग्रसंगीत! अर्धे लोक अमेरिकन व्हायचे, अर्धे इंग्रज.

अडचण एकच. इंग्रज व्हायला माणसं मिळायची नाहीत. दरवर्षी जाऊन हरायचं, कुणाला हौस आहे?

तर मार्च महिन्यात वॉल्टरनं कुंपणावरून मला विचारलं, "मिलिंद, इंग्रज होशील का?"

मी ताबडतोब हो म्हणालो. का म्हणून विचारता? सईसाठी.

सई माझी मुलगी, तेव्हा नऊ वर्षांची. घरात तोंडाचा पट्टा चालू आणि वर्गात मात्र तोंडातून अक्षर नाही. हात म्हणून वर करायची नाही. दर पेरेंट्स मीटिंगला टीचर तेच सांगायच्या, "शी इज सो क्वाएट." आम्ही दोघं मान खाली घालून घरी यायचो. आणि तिचाच वर्ग यंदा ती लढाई बघायला जाणार होता. मी त्यात आहे म्हटल्यावर पोरीनं तीनदा विचारलं, "रिअली, बाबा? रिअली?" आणि दुसऱ्या दिवशी वर्गात स्वतःहून उभं राहून सगळ्यांना सांगितलं. स्वतःहून! आता मला माघार घेता येणार होती का?

मेधा मात्र वैतागली. "अरे, आपलं ग्रीन कार्ड पेंडिंग आहे. आणि तू अमेरिकेविरुद्ध लढायला चाललायस?"

"लुटुपुटूचं आहे गं."

"इमिग्रेशनवाल्यांना सांग ते!"

वॉल्टरनं मला तीन पानी कागद दिला. कपड्यांचे नियम. कापड कोणतं, बटणं किती, शिलाई कशी. आता मला सांगा, दीडशे वर्षं जे लोक आमच्या डोक्यावर बसले, त्यांचे कपडे कसे होते हे मी कागदात बघू? मी तो कागद फ्रिजवर मॅग्नेटखाली लावला, त्याच्यावर पिझ्झाचं कूपन लावलं आणि विसरून गेलो.

"वाच रे एकदा," मेधा म्हणाली.

"ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी असतात हे कागद," मी म्हणालो.

वॉल्टर बिचारा म्हणाला, "माझ्याकडे एक जादा कोट आहे, तुला होईल."

"अजिबात नको! मी इंडियाहून मागवतोय."

"हातानं शिवलेला?" त्याचे डोळे चमकले.

"हातानंच!" मी ठोकून दिलं.

माझी एवढी खात्री कशी? अहो, आठवीत शाळेच्या गॅदरिंगला मी गोरा साहेब झालो होतो! खाकी शर्ट, खाकी हाफ पँट, गुडघ्यापर्यंत मोजे, डोक्यावर ती भलीमोठी टोपी, हातात छडी आणि तोंडाला अर्धा डबा पावडर. "टुम हमको जानटा नय!" या एका वाक्यावर टाळ्या घेतल्या होत्या मी. पुढे जितक्या सिनेमांत इंग्रज पाहिले तेही खाकीतलेच. मग शंका कशाला येईल?

सासूबाई एप्रिलमध्ये पुण्याहून यायच्या होत्या. त्यांना फोन लावला. "आई, येताना ड्रेपरीवाल्याकडून एक इंग्रज आणा." ड्रेपरीवाला म्हणजे नाटकांना कपडे पुरवणारा. दुसऱ्या दिवशी त्यांचा थेट दुकानातून फोन. "मिलिंदराव, ते विचारतायत, इंग्रज बारीक हवा की जाडा?"

"मध्यम सांगा."

मेधा मागून ओरडली, "आई, जाडा घे जाडा!"

आला इंग्रज. टोपीत लोणच्याच्या बरण्या बसवून सासूबाईंनी तो सुखरूप आणला. ड्रेपरीवाल्यानं प्रेमानं खांद्याला शिट्टी आणि तिची दोरीही लावून दिली होती.

इथपर्यंत घोळ फक्त माझा होता. आता त्यात मी पोरीला कसं ओढलं, ते ऐका. एके दिवशी सई चित्र काढत बसली होती. मी सैनिक झालोय, हातात बंदूक. आणि अंगात चक्क लालभडक कोट!

"अगं, हे काय? इंग्रज कधी लाल घालतात का? खाकी! ब्राऊन घे, ब्राऊन."

"बट बाबा, टीचर सेड रेड."

"टीचरचं आपण ऐकू, पण इंग्रज मला जास्त माहीत आहेत."

पोरीनं निमूटपणे लालवर ब्राऊन घासला. आणि वर्गात जाऊन सांगितलं की, माझे बाबा म्हणतात ब्रिटिश ब्राऊन घालायचे. वर्ग हसला. एक मुलगा म्हणाला, तुझ्या बाबांना काही कळत नाही. त्यावर माझी ही अबोल पोर टीचरसमोर ठामपणे म्हणाली, "वेट टिल फ्रायडे." हे तिनंच मला घरी येऊन सांगितलं आणि मी तिची पाठ थोपटली! आता आठवलं की वाटतं, कुणीतरी तेव्हाच माझ्या पाठीत एक धपाटा घालायला हवा होता.

वॉल्टरच्या अंगणात आमची कवायत व्हायची, पण ती जीन्स आणि टी-शर्टवर. त्यामुळे तिथंही काही कळायचा मार्ग नव्हता.

मग तो शुक्रवार उजाडला. ऑफिसात रजा टाकली होती. मी हाफ पँट चढवून खाली आलो. सासूबाई निरांजन घेऊन दारात उभ्या! लढाईवर निघालेल्या जावयाला ओवाळायला नको? इंग्रजांच्या सैनिकाला मराठी घरात कुंकू लावून ओवाळलं गेलं. असं इतिहासात पहिल्यांदाच झालं असेल.

"विजयी होऊन या," सासूबाई म्हणाल्या.

"आई, आम्ही हरणार आहोत. तसं ठरलंय."

"अगंबाई! मग सांभाळून हरा."

शेतावर तासभर आधी पोचलो. गाडी लावून उतरतो न उतरतो, तोच एक बाई आल्या. "एक्सक्यूज मी, रेस्टरूम कुठे आहे?" समोर पाटी दिसत होती, दाखवली. मग एक गृहस्थ. "कुत्रा आणला तर चालेल का?" म्हटलं, चालेल की. मग एका गाडीची काच खाली झाली. "कुठे लावू?" आता मला तरी काय ठाऊक? पण एका माणसाला झाडाखाली जागा दाखवली, तर त्याच्या मागे दुसरी गाडी, तिच्या मागे तिसरी. खाकी कपडे, मोठी टोपी, शिट्टी. लोक मला तिथला रखवालदार समजत होते हो! आणि आपला स्वभाव असा की नाही म्हणवत नाही. पंधरा मिनिटांत मी शिट्टी फुंकत दोन रांगा लावून टाकल्या.

तेवढ्यात एका व्हॅनमधून सहा जण उतरले. लाल कोट, पांढरे पट्टे, चकचकीत बटणं, एकाच्या गळ्यात ढोल.

मी म्हटलं, वा! बँड पण ठेवलाय!

हसू नका. लाल कोट, सोनेरी बटणं आणि ढोल बघून आपल्याला वरात नाही आठवणार, तर काय आठवणार? मी त्यांना हात करून व्हॅन नीट लावायला सांगितली. मग आणखी दहा जण आले. मोठा बँड दिसतोय! मग आणखी वीस आले आणि यांच्या खांद्यावर बंदुका होत्या.

बँडवाल्यांना बंदुका कशाला?

मी तोंडातली शिट्टी काढली आणि पुन्हा एकदा सगळीकडे नजर फिरवली. पस्तीस-चाळीस माणसं लाल कोटात आणि मी एकटा मधोमध हाफ पँटीत, कपाळावर कुंकू!

आणि त्याच वेळी पिवळी स्कूल बस आत वळली. ड्रायव्हरनं माझ्याकडे बघून काच खाली केली. "वेअर टू, सर?"

काय करणार? मी शिट्टी वाजवली आणि बस लावून दिली. खिडक्यांना चेहरे चिकटले होते, त्यातला एक सईचा. ती खाली उतरली, लाल कोटांकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं आणि मान खाली घालून शेजारून निघून गेली. मागून तो मुलगा म्हणाला, "ब्राऊन, हं?"

खरं सांगतो, मेल्याहून मेल्यासारखं झालं. लोक मला हसले असते तर चाललं असतं. पण ती पोर पहिल्यांदाच बोलायला उभी राहिली होती आणि मी तिला सगळ्यांसमोर खोटं पाडलं होतं.

वॉल्टर आला. तोही लाल कोटात. मला वरपासून खालपर्यंत दोनदा पाहिलं. हसला नाही, शपथ! एवढंच म्हणाला, "मिलिंद, तू सत्तर वर्षं लवकर आलास."

आपण मराठी माणसं मंडळाच्या कार्यक्रमाला तासभर उशिरा जातो आणि मी इथं सत्तर वर्षं लवकर!

"तुझ्याकडचा तो जादा कोट?" मी विचारलं.

"दुसऱ्याला दिला. तू नको म्हणालास ना." मग जरा अवघडून म्हणाला, "रांगेत मी तुला घेऊ शकत नाही. या लोकांनी एकेक हिवाळा घालवून कोट शिवलेत रे."

"माझं राहू दे," मी म्हणालो, "पण ब्रिटिश ब्राऊन घालायचे म्हणून माझी मुलगी वर्गात भांडली आहे. माझ्यावर विश्वास ठेवून. तिला काय सांगू?"

वॉल्टरनं चष्मा काढून पुसला. "लढाई संपली की इथंच थांब."

लढाई मी पार्किंगमधून पाहिली. आम्ही हरलो.

धूर विरल्यावर वॉल्टर मला दंडाला धरून मुलांसमोर घेऊन गेला आणि आपल्या शेजारी उभं केलं. तो लाल, मी खाकी. म्हणाला, "मुलांनो, आम्ही दोघंही एकाच सैन्यातले आहोत. कसे ते सांगतो." मग त्याच्यातला मास्तर जागा झाला. त्या काळी बंदुकांचा धूर इतका व्हायचा की आपला कोण आणि परका कोण ते दिसायचं नाही, म्हणून दुरून ओळखू येणारा लाल. शिवाय तो रंग स्वस्त पडायचा. पुढे हेच लोक हिंदुस्तानात गेले. तिथलं ऊन, तिथली धूळ. लाल किंवा पांढऱ्या कपड्यांतला सैनिक मैलावरून दिसायचा. मग त्यांनी पांढरे कपडे चिखलात बुडवले, चहात बुडवले आणि धुळीच्या रंगाचे करून घेतले.

"चहात?" मीच ओरडलो.

"चहात. खाकी तिथं जन्मली, याच्या देशात. लाल कोट समारंभापुरता उरला." मग मुलांकडे वळून म्हणाला, "त्यामुळे ब्रिटिश ब्राऊन घालायचे असं जर तुमच्यात कुणी म्हणालं असेल, तर ते चूक नाही. फक्त धडा जरा पुढचा आहे."

सगळ्यांनी सईकडे पाहिलं. सईनं हळूच हात वर केला. हात!

"बाबा, देन व्हाय डिड यू वेअर इट टुडे?"

आता काय लपवायचं? म्हटलं, "बिकॉज आय डिडन्ट रीड द इन्स्ट्रक्शन्स."

आख्खा वर्ग खो खो हसला. टीचर हसल्या, वॉल्टर हसला. आणि सई? सगळ्यात जास्त तीच हसत होती! धावत येऊन तिनं माझी टोपी काढून आपल्या डोक्यावर घातली. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. वॉल्टरला म्हटलं, तोफेचा धूर गेला.

गोष्ट इथं संपायला हवी होती. पण मी कसला गप्प बसतोय! पुढच्या आठवड्यात टीचरची चिठ्ठी आली. शुक्रवारी सकाळी शाळेत आजी-आजोबा दिवस आहे, मिस्टर मिलिंद त्याच युनिफॉर्ममध्ये येऊन आम्हाला मदत करतील का?

मी म्हटलं, झालं! व्याख्यान! वॉल्टरची पुस्तकं आणली, चाळीस स्लाइड्स केल्या. लाल रंग, बटणं, पट्टे, टोप्या, खाकी, सगळं काही. सासूबाईंसमोर तालीम केली. अकराव्या स्लाइडला त्या घोरू लागल्या, तरी मी चाळिसावी संपवूनच थांबलो.

शुक्रवारी सकाळी हाफ पँट घालून, लॅपटॉप काखेत मारून शाळेच्या गेटवर हजर. टीचर धावतच आल्या. "थँक गॉड! आज एवढ्या गाड्या येणार आहेत, आणि मुलं म्हणाली की सईच्या बाबांनी आमची बस काय मस्त लावली होती! शिट्टी आणलीय ना?"

लॅपटॉप शाळेच्या ऑफिसात ठेवला. शिट्टी तोंडात घातली.

सई पायरीवर उभी राहून येणाऱ्या प्रत्येकाशी बोलत होती. प्रत्येकाशी! मी एका आजोबांची गाडी मागे घेत असताना तिचा आवाज ऐकू आला. एका पांढऱ्याशुभ्र केसांच्या आजीला ती छाती फुगवून सांगत होती, "दॅट्स माय डॅड. ही इज ब्रिटिश."

आजींनी माझी हाफ पँट पाहिली, मिशी पाहिली, सुटलेलं पोट पाहिलं आणि सईच्या गालावर हात फिरवून प्रेमानं म्हणाल्या, "ऑफ कोर्स ही इज, डिअर."